रेघांची माणसे आणि हाडामांसाची माणसे

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी वर्धापनदिनी झालेले भाषण)



वर्धापनदिनाला बाहेरगावच्या एखाद्या विद्वान बाईंना बोलवावे, असा आपला आजवरचा रिवाज. यंदा कार्यकारिणीने तो मोडला आणि घरच्याच एका निवृत्त चित्रकला-शिक्षिकेला उभे केले. मी नको नको म्हणत होते. पण मंडळाच्या चिटणीसबाईंपुढे कोणाचे काही चालत नाही, हे तुम्ही जाणताच. विषयही त्यांनीच नेमून दिला, आणि त्याला कारण झाल्या माझ्या शेजारच्या काकू.

गेल्या मे महिन्यात आपल्या बालशिबिरात मुलांना 'मेरी पॉपिन्स' हा १९६४ सालचा इंग्रजी चित्रपट दाखविला. त्यात डिक व्हॅन डाइक हा हाडामांसाचा नट चित्रातल्या पेंग्विन पाखरांबरोबर नाचतो. मुले खिदळत होती, कूलर घरघरत होता, आणि काकू माझ्या शेजारी गंभीर होऊन बसल्या होत्या. शेवटी त्यांनी माझा हात हलविला आणि विचारले, "बाई, हे पाखरं तं कागदावरचे हायेत ना? मंग हा मानूस नाचते कोनासंग?"

मी म्हटले, "कोणासंगच नाही, काकू. तो एकटाच नाचतो आहे."

"मंग पाखरं कोनं नाचवले?"

मैत्रिणींनो, पहिल्या प्रश्नाचे उत्तर पुष्कळांना ठाऊक असते. दुसरा प्रश्न सहसा कोणी विचारत नाही. माझ्या आयुष्याची चार वर्षे त्या दुसऱ्या प्रश्नात गेली आहेत, म्हणून आज त्याच्याविषयीच बोलणार आहे.

प्रथम थोडे मुळापासून सांगते. पडद्यावर आपल्याला जी हालचाल दिसते ती हालचाल नसतेच. एकापुढे एक अशी स्थिर चित्रे झरझर पालटतात आणि आपले डोळे ती जोडून घेतात. बोलपटात सेकंदाला अशी चोवीस चित्रे जातात. खरा माणूस असेल तर कॅमेरा ही चित्रे आपोआप घेतो. कागदावरचे पाखरू असेल तर ती कोणीतरी हाताने काढावी लागतात. पंख एवढासा वर, आणखी एवढासा वर, मग खाली. आपण घरात विणकाम करतो तसेच हे आहे. एकेक टाका नगण्य. पण टाका सुटला की सगळ्या कापडाला भोक.

ही युक्ती आपल्या महाराष्ट्रात कोणी प्रथम केली, तर दादासाहेब फाळक्यांनी. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लागला, हे शाळेतल्या मुलांनाही पाठ असते. त्याच्या आदल्या वर्षीची गोष्ट मात्र फारशी कोणी सांगत नाही. १९१२ साली दादासाहेब विलायतेहून कॅमेरा घेऊन आले. पैसा संपलेला, विम्याच्या पॉलिसी गहाण पडलेल्या, आणि त्याआधी डोळ्यांचे मोठे दुखणे होऊन गेलेले. सावकाराला पटवायचे कसे? त्यांनी एका कुंडीत वाटाणा पेरला आणि कॅमेरा त्याच्यासमोर पक्का बसविला. रोज एकेक चित्र घेत गेले. महिनाभराहून अधिक काळ हे चालले. मग ती पट्टी चालविली तेव्हा पाहणाऱ्याच्या डोळ्यांदेखत वाटाण्याला अंकुर फुटला, वेल वर चढली. 'अंकुराची वाढ' या नावाने तो लहानसा चित्रपट ओळखला जातो. तो पाहून भांडवल मिळाले, आणि त्या भांडवलावर 'हरिश्चंद्र' उभा राहिला. म्हणजे आपल्याकडच्या चित्रसृष्टीचे बी अक्षरशः कुंडीत पेरले गेले.

पुढे १९१५ च्या सुमारास त्यांनी 'आगकाड्यांची मौज' काढली. तिच्यात आगपेटीतल्या काड्या कोणी हात न लावता हलतात, आकार घेतात. निर्जीव वस्तूला एकेका चित्राने हलविण्याची ही कला. कार्टूनची ती सख्खी बहीण.

आता माझा मुद्दा ऐका. वाटाणा रुजत होता त्या दिवसांत घर कोण चालवीत होते? सरस्वतीबाई फाळके. त्या काळी कोऱ्या फिल्मला कडेची भोके पाडलेली नसत. ती घरीच पाडावी लागत, तीही अंधारात, नाहीतर फिल्म उजेड खाऊन फुकट जाई. दिवसभर घरकाम करून सरस्वतीबाई रात्री ही भोके पाडीत. फिल्म धुण्याची औषधे त्याच मिसळीत. चित्रीकरण चालू असताना उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहत, म्हणजे उजेड नटांच्या तोंडावर पडावा. शिवाय साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक त्यांच्याच अंगावर. प्रसंगी अंगावरचे दागिनेही त्यांनी दिले. 'हरिश्चंद्रा'त तारामतीचे काम करायला बाई मिळेना म्हणून खाणावळीतल्या साळुंके नावाच्या तरुणाला लुगडे नेसवले, ही गोष्ट आपण हसत हसत सांगतो. त्या खटाटोपात एक बाई पहिल्यापासून शेवटपर्यंत उभी होती. फक्त ती कॅमेऱ्याच्या अलीकडे होती, एवढेच.

आणि तिची मुलगी मंदाकिनी कॅमेऱ्याच्या पलीकडे गेली. १९१९ च्या 'कालियामर्दना'त ती बाळकृष्ण झाली आहे. चित्रपटाच्या आरंभी ती नुसता चेहरा दाखवून निरनिराळे भाव करून दाखविते, आणि मग गोष्ट सुरू होते. लहान पोर ती. खोट्या नागाशी अशी झुंजते की पाहणाऱ्याने श्वास रोखावा. समोरचे खोटे आहे हे ठाऊक असून त्याच्याशी खऱ्यासारखे वागणे, ही कार्टूनबरोबर काम करणाऱ्या नटाची पहिली परीक्षा. आपली मंदाकिनी ती त्या वयात उतरली होती.

याच सुमारास अमेरिकेत काय चालले होते तेही सांगते. १९१४ साली विन्सर मॅके नावाच्या चित्रकाराने 'गर्टी' नावाची एक भलीमोठी डायनासोर मादी काढली. तो स्वतः रंगमंचावर चाबूक घेऊन उभा राही आणि पडद्यावरच्या गर्टीला हुकूम सोडी. तो तिच्याकडे फळ टाकल्यासारखे करी, तर ती पडद्यात ते झेलून खाई. शेवटी मॅके पडद्यामागे जाई आणि त्याच क्षणी चित्रातला मॅके गर्टीच्या पाठीवर बसून निघून जाई. खरा माणूस आणि रेघांचा प्राणी यांची ही जुनी आणि फार गोड भेट आहे. पण त्या वेळी प्रत्येक चित्रात गर्टीच्या मागचे डोंगर आणि तळेही पुन्हा पुन्हा काढावे लागत. ते काम जॉन फिट्झसिमन्स नावाच्या एका तरुण मदतनिसाने केले. हजारो वेळा तोच डोंगर! आपल्याला रोज तीच कणीक मळावी लागते, तसेच ते.

पुढे पारदर्शक सेल्युलॉइडचा तक्ता आला. आम्ही त्याला 'सेल' म्हणत असू. आता डोंगर एकदाच काढायचा आणि त्याच्यावर सेल ठेवून फक्त प्राणी बदलायचा. कागदावरची रेघ सेलवर टाकाने उतरवायची, सेल उलटा करायचा, आणि मागच्या बाजूने रंग भरायचा. पुढून पाहिले की रंग रेघेच्या मागे जातो आणि रेघ स्वच्छ राहते.

वॉल्ट डिस्नेने १९२३ साली एक खरी छोटी मुलगी कार्टूनच्या जगात पाठविली आणि 'अॅलिस'ची मालिका सुरू केली. त्याच्या कारखान्यात शाई भरायला लिलियन बाउंड्स नावाची मुलगी होती. १९२५ साली तिचेच डिस्नेशी लग्न झाले. पुढे कारखाना वाढला, आणि शाईरंगाचे एक स्वतंत्र खातेच झाले. ते जवळजवळ सगळे बायकांचे. 'स्नो व्हाइट'च्या वेळी, म्हणजे १९३७ साली, त्यात शंभराहून अधिक मुली होत्या. त्या चित्रपटाच्या नामावळीत त्यांची नावे नाहीत. चित्रकार होऊ इच्छिणाऱ्या एका मुलीला १९३८ साली त्या कंपनीकडून जे उत्तर गेले ते पुढे प्रसिद्ध झाले आहे. त्याचा मथितार्थ असा, की कल्पनेचे काम तरुण पुरुष करतात. बायकांसाठी शाई आणि रंग आहे. हे वाचून मला हसू आले नाही, कारण ते मला नवीन नव्हते.

मैत्रिणींनो, आता थोडे स्वतःविषयी बोलते. विषयाला धरूनच आहे.

माझे माहेर अकोल्याचे. शाळेत असताना चित्रकलेच्या एलिमेंटरी आणि इंटरमीजिएट या परीक्षा दिल्या, आणि मामांच्या आधाराने १९७० साली मुंबईस गेले. तेथे जाहिरातींचे कार्टूनपट करणाऱ्या एका लहानशा कंपनीत मला रंग भरण्याचे काम मिळाले. कंपनीचे नाव सांगत नाही. त्याची गरजही नाही. एका लांबट खोलीत आम्ही पाच मुली, प्रत्येकीपुढे काचेचे टेबल आणि त्याच्या खाली दिवा. हातात सुती मोजे, कारण सेलवर बोटाचा घामट ठसा उमटला की तो पडद्यावर ढगाएवढा दिसे. मेमध्ये तो दिवा आणि ते मोजे! अकोल्याच्या उन्हाची सवय होती म्हणून टिकले.

१९७२ साली एका बिस्किटाची जाहिरात आली. एक खरा मुलगा टेबलाशी बसलेला आणि चित्रातला पोपट उडत येऊन त्याच्या हातातले बिस्किट पळवितो, एवढीच गोष्ट. अर्ध्या मिनिटाची. पण काकूंनी विचारले ना, "नाचते कोनासंग?" तोच प्रश्न इथे. मुलापुढे पोपट नव्हता. एका काठीच्या टोकाला हिरवी चिंधी बांधून ती हलविली, आणि मुलाला सांगितले, हिच्याकडे बघ. तीन-चार वेळा त्याची नजर चुकली. नजर बोटभर चुकली की पोपट एकीकडे आणि मुलगा दुसरीकडे पाहतो, आणि सगळा खेळ फसतो.

मग चिंधीशिवायचे चित्रीकरण झाले. त्या फिल्मचे एकेक चित्र कागदावर मोठे करून पोपट काढणाऱ्या चित्रकाराला दिले, म्हणजे मुलाचा हात कोठे आहे ते त्याला कळावे. त्याने पोपट काढला, रेघा सेलवर उतरल्या, आणि रंग आमच्याकडे आले. अर्ध्या मिनिटाला सातशे वीस चित्रे. बरे, पोपट नुसता रंगवून भागत नाही. खऱ्या चित्रावर तो तसाच छापला तर त्याच्या अंगातून मुलाचा सदरा दिसेल. पोपटाचे भूत होईल. म्हणून प्रत्येक पोपटाची दुसरी आकृती करायची, आणि ती सबंध काळी भरायची. त्या काळ्या आकृतीमुळे खऱ्या चित्रात पोपटाएवढी जागा कोरी राहते, आणि मग त्या कोऱ्या जागेत रंगीत पोपट बसवितात. काळा रंग केसभर बाहेर गेला की पोपटाभोवती किनार दिसे. सातशे वीसचे झाले चौदाशे चाळीस.

बिस्किटाची तर फारच गंमत. मुलाच्या हातात असते तोवर ते खरे बिस्किट. पोपटाने चोच लावली की तेथून पुढे माझे रंगाचे बिस्किट. दोन्हींचा रंग जुळला पाहिजे. मी सहा बिस्किटे समोर ठेवून दोन दिवस रंग मिसळीत होते. आमच्यातल्या एकीने त्यातली तीन खाल्ली, म्हणून पुन्हा आणावी लागली.

जाहिरात झाली. ती अकोल्याच्या टॉकीजमध्ये मुख्य चित्रपटाआधी लागली, तेव्हा मी मुंबईतच होते. आईला पत्राने कळविले होते, की हिरवा पोपट दिसेल, तो रंगविणाऱ्यांत मी आहे. आईने आयुष्यात हातावर मोजण्याइतके सिनेमे पाहिलेले. त्यातलेही बहुतेक संतांचे. ती गल्लीतल्या तीन बायांना घेऊन गेली, तिकिटे स्वतःच्या पैशांनी काढली, आणि अंधारात पोपट दिसताच उभी राहून मोठ्याने म्हणाली, "हा मिठू माह्या पोरीनं रंगवला!"

मागून लोक ओरडले, "बसा वं माय खाली!" आई बसली. बाकीचा सिनेमा तिने पाहिला की नाही, कोणास ठाऊक. दिवाळीला मी घरी गेले तेव्हा तिने पहिला प्रश्न केला, "तुहं नाव कुठी हाय त्याच्यात? मले दिसलं न्हाई. मी नीट पायलं."

मी समजावले, की जाहिरातीत कोणाचेच नाव नसते. ती म्हणाली, "मंग लोकाइले समजन कसं?"

त्याच वर्षी आमच्या कंपनीने मुलांसाठी दहा मिनिटांचा एक कार्टूनपट केला. तो जाहिरात नव्हता. त्याच्या आरंभी नावे येणार होती. आईचे बोलणे डोक्यात होते, म्हणून मी धीर करून मालकांना विचारले, की आम्हा पाचजणींची नावे शेवटी तरी टाकाल का? ते रागावले नाहीत. हसले आणि म्हणाले, "मुलींनो, उद्या तुमची लग्ने होतील, आडनावे बदलतील. कोणते नाव टाकू?" सगळे हसले. मीही हसले. ते हसणे मला आजवर बोचत आले आहे. १९७४ साली माझे लग्न झाले, आडनाव बदलले, मी अमरावतीस आले आणि शाळेत चित्रकला शिकवू लागले. त्या चार वर्षांचा माझ्याजवळ एकही कागद नाही. आईने अंधारात उभे राहून घेतलेले नाव, तेवढीच माझी नामावळी.

असो. गाऱ्हाणे सांगायला उभी राहिले नाही. ही कला पुढे कोठवर गेली ते सांगते, म्हणजे तुम्ही नातवंडांबरोबर असे चित्रपट पाहाल तेव्हा ते अधिक गोड लागतील.

१९४५ साली 'अँकर्स अवे' या अमेरिकी चित्रपटात जीन केली या नटाने जेरी उंदराबरोबर नाच केला. तोच जेरी, जो टॉम मांजराला छळतो. सांगतात, की काम संपल्यावर कोणाच्या तरी ध्यानात आले, गुळगुळीत फरशीवर केलीचे प्रतिबिंब दिसते आणि उंदराचे दिसत नाही! मग प्रत्येक चित्रासाठी उंदराचे उलटे प्रतिबिंब नव्याने काढले. आमच्या पोपटाची सावली टेबलावर पडावी म्हणून आम्हीही वेगळे सेल केले होते. म्हणून त्या लोकांचे हाल मला कळतात.

'मेरी पॉपिन्स'मध्ये आमची ती काळी आकृती हाताने भरावी लागली नाही. नटांना पांढऱ्या पडद्यापुढे उभे केले आणि पडद्यावर सोडियमच्या दिव्यांचा पिवळा उजेड टाकला. कॅमेऱ्यात एक खास लोलक होता. तो त्या पिवळ्या उजेडाला वेगळा काढून दुसऱ्या फिल्मवर नटांच्या आकृत्या आपोआप उमटवी. या शोधाला ऑस्कर मिळाले. १९८८ साली 'हू फ्रेम्ड रॉजर रॅबिट' आला. त्यात बॉब हॉस्किन्स हा नट रेघांच्या सशाशी भांडतो, आणि ससा त्याला हातकडीने स्वतःशी बांधून घेतो. एका प्रसंगात टांगलेला दिवा हिंदकळतो, आणि त्या झोक्याबरोबर सशाच्या अंगावरची सावली सरकते. ते सारे हाताने रंगविलेले आहे. त्या चित्रपटाच्या शेवटी नावांची लांबलचक यादी येते. लोक उठून जातात. मी मात्र बसून राहिले.

आपल्या देशात मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये १९५६ साली कार्टूनचा विभाग जोमाने सुरू झाला. डिस्नेकडे काम केलेले क्लेअर वीक्स शिकवायला आले. त्यांच्या हाताखाली तयार झालेल्यांत राम मोहन होते. त्यांना २०१४ साली पद्मश्री मिळाली. सत्यजित राय यांच्या १९७७ च्या 'शतरंज के खिलाडी'मध्ये खऱ्या नटांच्या गोष्टीत मध्येच एक कार्टूनचा तुकडा येतो, तो राम मोहन यांचा. लॉर्ड डलहौसी एकेक राज्य चेरीच्या फळासारखे गट्ट करतो, असे त्यात आहे. आपण वऱ्हाडच्या बायकांनी तो तुकडा जरूर पाहावा. याच डलहौसीच्या कारकिर्दीत १८५३ साली आपला वऱ्हाड निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात गेला, आणि पुढच्याच वर्षी नागपूरचे राज्य खालसा झाले. इतिहासाच्या पुस्तकात जे चार पाने खाते ते कार्टूनने दोन मिनिटांत दाखविले.

१९८९ च्या 'राजा चिन्न रोजा' या तमिळ चित्रपटात एका गाण्यात रजनीकांत आणि मुले चित्रातल्या प्राण्यांबरोबर नाचतात. आणि २०१० साली 'टूनपूर का सुपरहीरो' आला. त्यात अजय देवगण हा खरा नट कार्टूनच्या नगरीत ओढला जातो. सोबत काजोल आहे, म्हणजे आपल्या शोभना समर्थांची नात. दिग्दर्शक किरीट खुराना हे भीमसेन यांचे चिरंजीव. भीमसेन यांचे कार्टूनकाम असलेला १९७४ चा 'एक अनेक और एकता' आठवतो ना? दूरदर्शनवर लागायचा, चिमण्या जाळ्यासकट उडून जातात ती गोष्ट. आता हे काम संगणकावर होते. सेल गेले, मोजे गेले, काचेचे टेबल गेले. पण संगणकापुढेही माणसेच बसतात, आणि त्यांत मुली पुष्कळ आहेत. शेवटची नावे सरकत असतात तेव्हा आपण चपला शोधत असतो.

अमरावतीच्या माणसाला सिनेमाचे वेड नवे नाही. राजकमल, चित्रा, श्याम ही टॉकीजची नावे आपण चौकांना देऊन टाकली. आज मुले त्या चौकांत रिक्षा थांबवितात आणि मागचा पडदा त्यांना ठाऊकही नसतो. नाव राहिले, चित्र गेले. आमच्या बाबतीत चित्र राहिले, नाव गेले. दोन्हींत काही तरी हरवतेच.

आता शेवटचे. या भाषणाच्या तयारीसाठी मी आपल्या मंडळाच्या जुन्या स्मरणिका काढून बसले होते. पहिल्या स्मरणिकेत सभागृहाच्या पायाभरणीचे छायाचित्र आहे. पुढे पाहुणे, अध्यक्षबाई, नगरसेवक. त्यांची नावे खाली व्यवस्थित छापली आहेत. मागे सात बाया उभ्या आहेत, पदर खोचलेल्या. हे सभागृह ज्या पापड-कुरडयांच्या पैशांतून उभे राहिले, ते पापड लाटणाऱ्या ह्या सातजणी. मी भिंग घेऊन पाहिले. चौघींना ओळखले. तिघींची नावे मला सांगता आली नाहीत. काकूंना दाखविले, चिटणीसबाईंना दाखविले. कोणालाच सांगता आली नाहीत. त्या तिघी आपल्याच गल्लीबोळांतून वावरल्या असतील, आणि आपण त्यांच्या छताखाली बसून भाषणे ऐकतो आहोत.

मालक मला म्हणाले होते, कोणते नाव टाकू? त्या वेळी मला उत्तर सुचले नाही. आज सुचते. जे नाव काम करताना होते ते टाका. सरस्वतीबाईंच्या रात्री, डिस्नेच्या खात्यातल्या मुलींचे टाक, आमचे चौदाशे चाळीस सेल, आणि या सातजणींचे पोळपाट हे सगळे एकाच जातीचे काम आहे. पडद्यावरचा माणूस नाचतो. पाखरांना कोणीतरी नाचवावे लागते.

म्हणून मी कार्यकारिणीला एक विनंती केली आणि त्यांनी ती मान्य केली, याचा मला आनंद आहे. या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेच्या शेवटची दोन पाने मोकळी ठेवली आहेत. सतरंज्या घालणाऱ्या, चहा करणाऱ्या, जाहिराती गोळा करायला उन्हात फिरलेल्या, मुद्रिते तपासणाऱ्या, शिबिरात मुलांची नाके पुसणाऱ्या अशा सगळ्यांची नावे तेथे छापायची आहेत. दाराशी वही ठेवली आहे. जाताना आपले नाव तर लिहाच, पण जी आज आलेली नाही तिचेही लिहा. आणि त्या छायाचित्रातल्या तिघींपैकी एखादी कोणाच्या सासूबाई, आत्याबाई, आजी निघाली तर कृपा करून सांगा. छायाचित्र वहीशेजारीच ठेवले आहे.

काकू, तुमच्या प्रश्नाचे उत्तर द्यायला मला एवढा वेळ लागला. वहीत पहिले नाव तुमचे मीच लिहून ठेवले आहे, कारण मे महिन्यात शिबिरातल्या साठ पोरांचे ताक तुम्ही घुसळले होते.